ग्रेट बेअर लेक घरबसल्या कसं वाचायचं, आणि खरंच जायचं असेल तर

कॅनडाचा नकाशा उघडा आणि वर डावीकडे, जिथून आर्क्टिक सर्कलची तुटक रेष जाते तिथे झूम करत जा. एक मोठा निळा आकार दिसेल, चहूबाजूंनी बोटं फुटल्यासारखा. आजूबाजूला रस्ता नाही, रेल्वे नाही, शहर नाही, किनाऱ्यावर फक्त एका गावाचं नाव, डेलिने. बहुतेक जण इथे क्षणभर थांबतात आणि नकाशा पुढे सरकवतात कारण तिथे काही नाही असंच वाटतं. मला हे सरोवर गेल्या काही वर्षांत इतकं आवडायला लागलंय की आठवड्यातून एकदा तरी त्याचा सॅटेलाईट फोटो बघितल्याशिवाय चैन पडत नाही, आणि जितकं बघतोय वाचतोय तितकं कळत चाललंय की ती जागा रिकामी नाहीच, ती वाचायची कशी हे आपल्याला कोणी सांगितलेलं नसतं. तर ते इथे सांगायचा प्रयत्न करतो, म्हणजे कुठून सुरू करायचं, काय शोधायचं, कुठे थांबून नीट बघायचं, आणि शेवटी कोणाला खरंच जायचं असेल तर काय काय लागेल.

मोजमाप पटकन उरकून टाकू. क्षेत्रफळ साधारण ३१ हजार चौरस किलोमीटर, पूर्णपणे कॅनडाच्या हद्दीत असलेलं सगळ्यात मोठं सरोवर, उत्तर अमेरिकेत चौथं आणि जगात आठवं. सगळ्यात खोल जागी ४४६ मीटर. पाण्याची पातळी समुद्रसपाटीच्या वर दीडेकशे मीटरच आहे, म्हणजे खोल भागातला तळ समुद्राच्या पातळीपेक्षाही दोनशे मीटरहून जास्त खाली गेलाय. आत आलेलं पाणी बाहेर पडायला सरासरी शंभराहून जास्त वर्षं लागतात. हा शेवटचा आकडा लक्षात ठेवा, पुढे खाणीबद्दल बोलताना लागेल.

सुरुवात बर्फापासून करा

इतिहास वगैरे नंतर, आधी बर्फ बघा. कारण हे सरोवर वर्षातला अर्ध्याहून जास्त काळ गोठलेलं असतं, साधारण नोव्हेंबरच्या शेवटापासून थेट जुलैपर्यंत, त्यामुळे निळा रंग हा त्याचा पाहुण्यासारखा रंग आहे, खरा रंग पांढरा.

ब्राऊझरमध्ये नासाचं वर्ल्डव्ह्यू उघडा, फुकट आहे, अकाऊंट पण लागत नाही. सरोवरावर जा आणि खालच्या टाइमलाइनवर जूनच्या मध्यावरची कुठलीही तारीख निवडा. आजूबाजूची जमीन तपकिरी-हिरवी झालेली असते आणि मधोमध हे पांढरंशुभ्र पसरलेलं असतं. आता एक एक दिवस पुढे सरकत जा. आधी नद्यांच्या मुखांशी आणि उथळ खाड्यांमध्ये काळं पाणी दिसायला लागतं, मग किनाऱ्याने एक बारीक काळी रेष फिरते, मग मधली लादी सुटी होऊन वाऱ्याबरोबर इकडून तिकडे ढकलली जाते आणि एखाद्या दिवशी सगळी एकाच बाजूला जाऊन बसलेली दिसते. मधला बर्फ जायला जुलै उजाडतो. टेरा सॅटेलाईटचे फोटो २००० सालापासूनचे आहेत, त्यामुळे हाच खेळ वीसहून जास्त उन्हाळ्यांसाठी बघता येतो, आणि एक वही करून प्रत्येक वर्षी पूर्ण मोकळं पाणी कोणत्या तारखेला दिसलं ते लिहायला घेतलंत तर तुमचा स्वतःचा छोटासा रेकॉर्डच तयार होतो. मी तसंच केलं आणि त्या वहीमुळे मला हे सरोवर ओळखीचं वाटायला लागलं.

अडचण एकच येते, ढग पण पांढरे आणि बर्फ पण पांढरा. त्यासाठी लेयर बदलून ७-२-१ बँडचा फॉल्स कलर लावा, त्यात बर्फ निळसर-हिरवट झाक घेऊन चमकतो आणि पाण्याचे ढग पांढरे राहतात, त्यामुळे फरक लगेच कळतो (उंचावरचे बर्फकणांचे ढग मात्र त्यातही निळसर दिसून फसवतात, तेव्हा शेजारच्या दोन दिवसांशी ताडून बघा, ढग एका दिवसात निघून जातो, बर्फ तितका हलत नाही). दुसरी अडचण हिवाळ्याची. डिसेंबर-जानेवारीत सूर्य इतका थोडा वेळ आणि इतका खाली असतो की साध्या फोटोत काळोखच येतो. तेव्हा सेंटिनेल-१ या युरोपच्या सॅटेलाईटचे रडार फोटो बघायचे, कोपर्निकस ब्राऊझर या वेबसाइटवर मिळतात. रडारला अंधाराशी आणि ढगांशी देणंघेणं नाही, तडे आणि एकमेकांवर चढलेल्या बर्फाच्या रांगा उजळ रेघांसारख्या उठून दिसतात. पहिल्यांदा बघितलं तेव्हा तळहातावरच्या रेषाच आठवल्या होत्या.

आकार नीट बघा, तो उगाच असा नाहीये

या सरोवराला पाच मोठे फाटे आहेत, इंग्रजी नावांत त्यांना आर्म म्हणतात. नैऋत्येला कीथ, आग्नेयेला मॅकव्हिकर, पूर्वेला मॅकटाव्हिश, ईशान्येला डीझ आणि वायव्येला स्मिथ. आर्क्टिक सर्कल उत्तरेकडच्या फाट्यांवरून जातं, डेलिने गाव त्याच्या थोडं दक्षिणेला, कीथ आर्मच्या टोकाशी.

आता पूर्व आणि पश्चिम किनारा शेजारी शेजारी ठेवून बघा, हे खरंच करा, कारण भूगोल इथे डोळ्यांना दिसतो. पूर्वेचा किनारा फाटक्या कापडाच्या कडेसारखा आहे, असंख्य बेटं, अरुंद खाड्या, उघडे खडक, कारण तो कॅनेडियन शील्ड म्हणजे पृथ्वीवरच्या अतिप्राचीन खडकांचा भाग आहे. पश्चिमेचा किनारा त्यामानाने गुळगुळीत, लांब वळणांचा, कारण तिथे नंतरच्या काळातले थरांचे मऊ खडक आणि सपाट मैदान. दोन्हींच्या बरोबर सांध्यावर हिमयुगातल्या बर्फाने खरवडून हा खळगा केलाय. सगळ्यात खोल जागाही पूर्वेला, मॅकटाव्हिश आर्ममध्येच. बर्फाची चादर वितळत मागे हटली तेव्हा, साधारण दहा हजार वर्षांपूर्वी, इथे याहून कितीतरी मोठं सरोवर होतं, भूशास्त्रज्ञ त्याला लेक मॅककोनेल म्हणतात, आजची ग्रेट बेअर, ग्रेट स्लेव्ह आणि अथाबास्का ही तिन्ही सरोवरं त्याच्या पोटात होती. जमीन बर्फाच्या ओझ्यातून सुटून वर उचलली गेली, पाणी ओसरलं आणि हे तीन तुकडे उरले. पुढे माशांकडे येऊ तेव्हा हे आठवा.

अजून एक जागा सांगतो जी बघितलीच पाहिजे. डेलिनेजवळून ग्रेट बेअर नदी निघते, सरोवराचं पाणी बाहेर जायची ती एकच वाट. शंभराहून थोडे जास्त किलोमीटर वाहत ती तुलिता गावाशी मॅकेन्झी नदीला मिळते. सेंटिनेल-२ चा उन्हाळ्यातला एखादा स्वच्छ फोटो काढा, दहा मीटरचं रेझोल्यूशन असतं त्यामुळे पुरेसं दिसतं, आणि त्या संगमावर झूम करा. बेअर नदीचं पाणी काचेसारखं गडद निळं, मॅकेन्झीचं गढूळ चहासारखं, आणि दोन्ही बराच वेळ एकमेकांत न मिसळता शेजारून वाहतात. तुलिता या नावाचा अर्थच 'जिथे पाणी मिळतं' असा आहे.

नावं आधी त्यांची शिका

माझं ठाम मत आहे की जागा समजून घ्यायची तर इंग्रजी नावांवर थांबू नये. फाट्यांची ती पाच नावं बघा, सगळी बाहेरून आलेल्या लोकांनी दिलेली, त्यातलं एकही तुम्हाला तिथल्या जमिनीबद्दल काही सांगत नाही. याउलट डेने लोकांची, म्हणजे इथल्या मूळ रहिवाशांची, नावं वाचायला घ्या. सरोवराचं नाव साहतू, आणि त्याच्या काठच्या लोकांचं नाव साहतूओतिने, म्हणजे या सरोवराचे लोक. डेलिने म्हणजे जिथे पाणी वाहायला लागतं ती जागा, आणि गाव खरोखरच नदीच्या उगमाशी आहे. १९९३ पर्यंत नकाशावर या गावाचं नाव फोर्ट फ्रँकलिन होतं, मग लोकांनी आपलं जुनं नाव अधिकृतपणे परत घेतलं. त्याच वर्षी साहतू भागातल्या डेने आणि मेटी (मूळ रहिवासी आणि युरोपीय असा मिश्र वंश असलेल्या) लोकांचा कॅनडा सरकारबरोबर जमिनीच्या हक्कांचा करार झाला.

नावांच्या मागे गोष्टी आहेत आणि गोष्टींच्या मागे नियम. तुलिताजवळ बेअर रॉक नावाचा डोंगर आहे, डेने लोक सांगतात की यामोरिया नावाच्या महापुरुषाने राक्षसी बीव्हर मारून त्यांची तीन कातडी या कड्यावर ताणून वाळत घातली, आणि त्या तीन खुणा कड्यावर आजही दाखवतात.

पण मला सगळ्यात भिडलेली गोष्ट सरोवराच्या हृदयाची. काये दाओये नावाचा एक कोळी होता, तो सरोवराच्या सगळ्या बाजूंना राहायचा पण त्याचा मुख्य तळ ईशान्येच्या किनाऱ्याला. एके दिवशी त्याने चार गळ टाकले आणि सकाळी बघतो तर एक गायब. त्या काळी गळ म्हणजे केवढी मौल्यवान वस्तू. त्या रात्री तो स्वप्नात गळ नेणाऱ्या माशाबरोबर पाण्याखाली गेला आणि सरोवराच्या मध्यावर त्याला एक प्रचंड शक्ती जाणवली, पाण्याचं हृदय, त्यांच्या भाषेत तुदझे. जमीन, आकाश, झाडं, प्राणी, माणसं सगळ्यांशी ते जोडलेलं आहे आणि त्याच्यामुळे हे अख्खं पाणलोट क्षेत्र जिवंत राहतं असं त्याला कळलं. पुढे २००५ मध्ये या पाणलोटाचा जो व्यवस्थापन आराखडा तयार झाला त्याचं नावच 'वॉटर हार्ट' ठेवलं गेलं. म्हणजे सरकारी कागदाच्या कपाळावर एका कोळ्याचं स्वप्न. हे वाचल्यावर मी तो आराखडा शोधून काढला आणि तुम्हीही काढा असं सांगेन, नेटवर मिळतो, या सरोवराबद्दल एकच गोष्ट वाचायची असेल तर तीच वाचा.

१९४० साली वारलेले आयाह नावाचे एक भविष्यवेत्ते डेलिनेत फार मानले जातात. ते सांगून गेले की पुढे जगात पाण्याची आणि अन्नाची टंचाई होईल तेव्हा दक्षिणेकडून लोक या सरोवराकडे येतील, कारण इथलं पाणी आणि मासे शिल्लक असतील. गावातले निर्णय घेताना आजही हे शब्द आठवले जातात.

कीथ आर्मच्या दोन बाजूंना दोन मोठे द्वीपकल्प दिसतील, त्यांची नावं साओयू आणि एदाचो. इंग्रजीत ग्रिझली बेअर माउंटन आणि सेंटेड ग्रास हिल्स. दोन्ही मिळून साडेपाच हजार चौरस किलोमीटरची नॅशनल हिस्टॉरिक साइट आहे आणि तिची देखभाल डेलिनेचे लोक आणि पार्क्स कॅनडा मिळून करतात. तिथे किल्ला नाही, पुतळा नाही, पाटी सुद्धा क्वचित. डोंगर, पायवाटा आणि त्यांच्याशी जोडलेल्या गोष्टी, हेच वारसा म्हणून जपलंय, आणि मला वाटतं वारसा या शब्दाचा याहून चांगला अर्थ मी दुसरीकडे कुठे बघितलेला नाही.

बाहेरून आलेले लोक

हे थोडक्यात सांगतो कारण बहुतेक पुस्तकं याच्यावरच भरपूर लिहितात. जॉन फ्रँकलिन या ब्रिटिश नौदल अधिकाऱ्याने १८२५ ते १८२७ च्या मोहिमेतले दोन हिवाळे आजच्या डेलिनेच्या जागी काढले. त्याच्यासाठी तिथला तळ हडसन्स बे या फर व्यापाराच्या कंपनीतल्या पीटर वॉरन डीझने बांधला होता, आणि पोट भरलं ते डेने शिकाऱ्यांनी आणि कोळ्यांनी आणून दिलेल्या मांस-मासळीवर. फ्रँकलिनच्या १८२५ च्या एका पत्रात बर्फावर हॉकी खेळल्याचा उल्लेख आहे आणि त्याच्या जोरावर डेलिने आईस हॉकीचं जन्मस्थान असल्याचा दावा अभिमानाने करतं, असा दावा करणारी कॅनडात इतरही गावं आहेत. पुढे १८३७ मध्ये डीझ आणि थॉमस सिम्पसन यांच्या मोहिमेसाठी डीझ आर्मवर फोर्ट कॉन्फिडन्स उभा राहिला, आणि फ्रँकलिन नंतरच्या मोहिमेत बेपत्ता झाला तेव्हा त्याला शोधायला निघालेले रिचर्डसन आणि रे १८४८ चा हिवाळा तिथेच राहिले.

पोर्ट रेडियम: इथे थांबा आणि नीट वाचा

नकाशावर मॅकटाव्हिश आर्मच्या पूर्व किनाऱ्याला एको बे शोधा. तिथेच पोर्ट रेडियम होतं. आज सॅटेलाईटमध्ये खडकाळ टोकावर माणसाने उकरल्याच्या खुणा दिसतात तेवढंच.

१९०० साली कॅनडाच्या जिऑलॉजिकल सर्व्हेचा जेम्स मॅकिंटॉश बेल या किनाऱ्याने गेला आणि खडकांवर कोबाल्टचे गुलाबी डाग दिसल्याची नोंद त्याने रिपोर्टमध्ये केली. ती ओळ वाचून गिल्बर्ट लाबाईन तीस वर्षांनी इथे आला आणि १९३० मध्ये त्याला पिचब्लेंड सापडलं, म्हणजे रेडियम आणि युरेनियम दोन्ही असलेलं खनिज. त्या वेळी रेडियमला कॅन्सरच्या उपचारामुळे सोन्याहून कितीतरी जास्त भाव होता आणि जगाचा पुरवठा काँगोतल्या खाणींमुळे बेल्जियमच्या हातात होता. एल्डोराडो नावाची खाण सुरू झाली. युरेनियमला तेव्हा फारशी किंमत नव्हती, रेडियम काढून घेतल्यावर उरणारी ती गोष्ट. १९४० ला खाण बंद पडली आणि १९४२ मध्ये गुपचूप परत उघडली, या वेळी युरेनियमसाठी, अमेरिकेच्या मॅनहॅटन प्रोजेक्टला, म्हणजे अणुबॉम्ब बनवायच्या गुप्त प्रकल्पाला. काँगोचं खनिज आणि इथलं खनिज, दोन्हींवर ओंटारिओतल्या पोर्ट होपच्या कारखान्यात प्रक्रिया व्हायची.

आता हा माल बाहेर कसा जायचा ते नकाशावर बोट फिरवून बघा, कारण ते बघितल्याशिवाय इथल्या लोकांनी काय सोसलं ते कळत नाही. पोर्ट रेडियमहून बार्जमध्ये, म्हणजे सपाट तळाच्या मालवाहू होडीत, अख्खं सरोवर ओलांडून पश्चिमेला डेलिनेपर्यंत. मग बेअर नदी, पण मधे खळाळ आहेत तिथे पोती उतरवून पुढे न्यायची आणि परत चढवायची. मग मॅकेन्झी नदीने प्रवाहाच्या उलट, ग्रेट स्लेव्ह लेक ओलांडून, स्लेव्ह नदीच्या खळाळांशी परत तीच चढ-उतार, आणि शेवटी दक्षिणेला रेल्वेपर्यंत. दोन हजार किलोमीटरच्या घरातला हा प्रवास. चाळीस-पंचेचाळीस किलोची कापडी पोती डेने माणसांनी पाठीवर वाहिली. धूळ अंगावर, कपड्यांवर, घरात. बार्जवर त्याच पोत्यांवर झोपायचो असं गावातले वृद्ध सांगत आलेत. धोका काय आहे हे त्यांना कोणी सांगितलं नाही, आणि हे युरेनियम कशासाठी जातंय हेही नाही. पुढे त्यातले अनेक जण कॅन्सरने गेले आणि डेलिनेला विधवांचं गाव म्हणायला लागले.

१९६० मध्ये युरेनियमची खाण संपली, नंतर १९८० च्या दशकाच्या सुरुवातीपर्यंत तिथेच चांदी काढली गेली. खाणीतला गाळ जमिनीवर टाकला तसा सरोवरातही टाकला. वर सांगितलेला आकडा इथे लावून बघा, ज्या पाण्याला बदलायला शतक लागतं त्यात.

ऑगस्ट १९९८ मध्ये डेलिनेचं एक शिष्टमंडळ हिरोशिमाला गेलं, बॉम्बच्या स्मृतिदिनाला, आणि आमच्या जमिनीतून निघालेल्या गोष्टीने तुमचं हे झालं म्हणून त्यांनी तिथल्या वाचलेल्या लोकांची माफी मागितली. ज्यांना काहीच माहीत नव्हतं आणि ज्यांनी स्वतःची माणसं गमावली त्यांनी. मी हे पहिल्यांदा वाचलं त्या दिवशी पुढे काही वाचू शकलो नव्हतो. त्यानंतर सरकार आणि डेलिने यांनी मिळून अभ्यास केला, २००५ च्या अहवालात आलं की एखाद्या ठराविक पोती वाहणाऱ्याचा आजार किंवा मृत्यू किरणोत्सर्गानेच झाला का हे खात्रीने सांगता येत नाही. गावाला मात्र आपली माणसं आठवतात.

याच्याच पुढचा भाग म्हणून हेही वाचा की १ सप्टेंबर २०१६ ला डेलिने गोतिने सरकार स्थापन झालं, आधी गावात वेगवेगळ्या असलेल्या संस्था एकत्र करून स्वतःचं सरकार. त्याच वर्षी युनेस्कोने सरोवर आणि आसपासचा ९३ हजार चौरस किलोमीटरचा भाग त्सा तुए बायोस्फिअर रिझर्व्ह म्हणून मान्य केला, आणि तो चालवतात डेलिनेचे लोकच.

प्राणी: काय बघायचं, कसं ओळखायचं

पाण्यापासून सुरू करू. हे पाणी इतकं थंड आणि इतकं कमी पोषक द्रव्यांचं आहे की मोकळ्या भागात उन्हाळ्यात सुद्धा पृष्ठभाग चार अंशांच्या आसपासच रेंगाळतो. त्यामुळे शेवाळं कमी, पाणी अतिशय नितळ, आणि सगळं जीवन संथ. इथला लेक ट्राउट हा मासा पन्नास वर्षांपेक्षा जास्त जगलेला सापडतो. १९९५ मध्ये इथे गळाला लागलेला ७२ पाउंडांचा, म्हणजे साडेबत्तीस किलोहून जास्तीचा लेक ट्राउट हा जागतिक विक्रम ठरला. पण मला विक्रमापेक्षा हे जास्त भारी वाटतं की एकाच सरोवरात, उथळ पाण्यातच, या एका जातीचे वेगवेगळे प्रकार शास्त्रज्ञांना दिसलेत, कोणाचं डोकं लहान, कोणाचे पर लांब, कोणाचे ओठ जाड, खाणं वेगळं तसं शरीर वेगळं. फोटो मिळाले तर शेजारी शेजारी ठेवून जबडा आणि पर बघा, फरक कळतो. त्याशिवाय व्हाइटफिश, सिस्को, नदीच्या तोंडाशी शिडासारखा पर असलेला आर्क्टिक ग्रेलिंग, गवताळ खाड्यांत पाइक. आणि तळाशी मायसिस नावाचे कोळंबीसारखे छोटे जीव, जे हिमयुगानंतरच्या त्या मोठ्या पाण्यातून इथे अडकून राहिले. लेक मॅककोनेल आठवायला सांगितलं होतं ते यासाठी.

जमिनीवर सगळ्यात महत्त्वाचा प्राणी कॅरिबू, म्हणजे उत्तर अमेरिकेतला रानटी रेनडिअर, डेने भाषेत एक्वे. ब्लूनोज-ईस्ट नावाचा कळप हिवाळ्यात सरोवराच्या आसपासच्या जंगलात असतो आणि विणीला ईशान्येला नुनावुतमध्ये जातो. २०१० मध्ये हा कळप लाखाच्या वर होता, २०१८ च्या मोजणीत वीस हजारांच्या खाली आला, त्यानंतर थोडा सावरलाय. डेलिनेने शिकारीवर स्वतःच मर्यादा घालणारी स्वतःची योजना केली, किती मारायचे, कसं वाटून खायचं, तरुणांना काय शिकवायचं, सगळं त्यात आहे.

उत्तर आणि ईशान्येला जंगल विरळ होत टुंड्रा सुरू होतो, तिथे मस्कऑक्स, लांब केसांचा बैलासारखा प्राणी. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी कातड्यासाठी त्यांची इतकी कत्तल झाली की १९१७ मध्ये कॅनडाला शिकारबंदी करावी लागली, मग हळूहळू परतले. मूस दलदलीत आणि विलोच्या झुडपांत. ग्रिझली, काळं अस्वल, लांडगा, वोल्व्हरिन हे सगळे आहेत, पण दिसतीलच अशा आशेवर जाऊ नका, ठसे वाचायला शिका. ग्रिझलीच्या पुढच्या पंज्यात नखांच्या खुणा बोटांपासून बऱ्याच लांब उमटतात आणि बोटं जवळजवळ एका सरळ रेषेत असतात, काळ्या अस्वलाची बोटं कमानीत. पक्ष्यांमध्ये लून हा पाणपक्षी ऐकायचाच, त्याची आरोळी शांत पाण्यावरून खूप लांब जाते.

खरंच जायचं असेल तर

महिना आधी ठरवा. मार्च-एप्रिलमध्ये बर्फ भक्कम, उजेड भरपूर, रात्री नॉर्दर्न लाइट्स, पण थंडी उणे वीस-तीसची धरून चला. पाणी, होडी, मासेमारी हवी असेल तर जुलैचा मध्य ते ऑगस्टचा शेवट, त्याच्या आधी सरोवर मोकळं झालेलं नसतं. जून-जुलैत रात्र जवळपास होतच नाही, आणि डास आणि काळ्या माश्या इतक्या की डोक्यावरची जाळी ही हौस म्हणून घ्यायची वस्तू नाही, पहिली बॅगेत टाका.

पोचायचं विमानानेच. एडमंटन किंवा यलोनाइफहून नॉर्मन वेल्स, तिथून छोट्या विमानाने डेलिने. बारमाही रस्ता नाही, हिवाळ्यात काही आठवडे बर्फावरचा रस्ता उघडतो पण तो बेभरवशाचा, मार्च २०१६ मध्ये डेलिनेजवळ इंधनाचा टँकर बर्फ फुटून अडकला होता, सुदैवाने इंधन काढून घेता आलं. म्हणून अनुभव नसताना तिथे गाडी घेऊन जायचा विचार करू नका.

तिकीट काढायच्या आधी डेलिने गोतिने सरकारच्या ऑफिसशी बोला. आसपासची बरीच जमीन त्यांच्या मालकीची आहे, कुठे जाता येईल, कुठे परवानगी लागेल, कोणत्या जागा पवित्र आहेत म्हणून टाळायच्या, गावात दारू आणायचे नियम काय, हे सगळं त्यांनाच विचारायचं. मासेमारीसाठी नॉर्थवेस्ट टेरिटरीजचं लायसन्स काढावं लागतं आणि ग्रेट बेअर लेकसाठीचे नियम वेगळे वाचावे लागतात. मासा सोडून देणार असाल तर पाण्यातच ठेवून गळ काढा, पन्नास वर्षांचा जीव आहे तो. गावात राहायला गावाच्याच मालकीचा लॉज आहे. गाइड गावातलाच घ्या, माझ्या मते याला पर्यायच नाही, सुरक्षेसाठी तर आहेच पण नावं आणि गोष्टी त्यांच्याच तोंडून ऐकायच्या असतात. दुकानातल्या वस्तू दक्षिणेपेक्षा बऱ्याच महाग, कारण सगळं विमानाने, बार्जने किंवा त्या बर्फाच्या रस्त्याने येतं, तेव्हा कॅनेडियन डॉलर्सचं बजेट सैल ठेवा.

होडीत असाल तर लाइफ जॅकेट अंगावर, सीटखाली नाही. चार-पाच अंशांच्या पाण्यात पडलेल्या माणसाचे हात काही मिनिटांत काम करेनासे होतात, जॅकेट नंतर घालायला जमत नाही. वारा सुटला की इथे समुद्रासारख्या लाटा उठतात त्यामुळे जाणकार लोक किनारा धरून जातात आणि वाट बघायला कंटाळत नाहीत. गावाबाहेर मोबाईल चालेल असं धरू नका, सॅटेलाईट मेसेंजर सोबत असू द्या. बेअर स्प्रे, म्हणजे अस्वलाला पळवायचा तिखट फवारा, विमानातून नेता येत नाही, तो तिथे कसा मिळेल ते गाइडला आधीच विचारून ठेवा, आणि खाणं कधीच तंबूत ठेवू नका.

आणि परतीच्या पुढे दोन-तीन दिवस मोकळे ठेवा, धुकं किंवा वारा असला की विमान येत नाही. ते दिवस मिळालेच तर गावातून नदीच्या उगमाकडे चालत जा. तिथे वाहत्या पाण्यामुळे हिवाळ्यात सुद्धा बर्फ नीट धरत नाही, म्हणून मार्चमध्ये गेलात तर काठापासून लांबच उभं राहायचं आणि गाइड म्हणेल तिथेच पाय टाकायचा. पांढऱ्या पसाऱ्यात तेवढा एक काळा पट्टा वाफा सोडत वाहत असतो, गावाच्या नावातलं पाणी ते हेच.